दारातून जायचा शॉट

जुन्या खुनांवर डॉक्युमेंटरी करणं हा माझा पोटापाण्याचा धंदा. बायको म्हणते, "जिवंतांच्या लग्नाला अक्षता पडून गेल्यावर पोचतोस, मेलेल्यांकडे मात्र वेळेवर." तेही पूर्ण खरं नाही. खुनी, साक्षीदार, वकील सगळे गेल्यावरच मी पोचतो. त्यामुळे मला उलट बोलायला सहसा कोणी उरलेलं नसतं.

कसबा पेठेतल्या काकू उरल्या होत्या. सत्तरी ओलांडलेल्या. त्या लहान असताना त्यांचे वडील, तांब्याची भांडी घडवणारे कारागीर, भागीदाराने बोलावलं म्हणून संध्याकाळी घरातून निघाले आणि त्याच भागीदाराने त्यांचा खून केला. ते निघाले तो प्रसंग आम्ही काकूंच्याच दारात चित्रित करणार होतो. वडिलांचा एकही फोटो नव्हता, म्हणून नट फक्त पाठमोरा दिसणार होता. नट कसला, खराडीच्या आयटी कंपनीतला हौशी पोरगा. त्याला धोतर नेसवलं, टोपी घातली.

काकूंनी त्याला मागून निरखलं. "चेहरा मलाही आठवत नाही," त्या म्हणाल्या. "पाठ बरोबर आहे."

हे रेकॉर्ड व्हायला हवं होतं, एवढंच मला सुचलं.

शॉट साधा. वडील चपला घालतात, दारातून जातात. पण पहिल्यांदा बोळात स्कूटरचा हॉर्न वाजला, मग कोणाच्या तरी कुकरची शिट्टी. मी "कट, परत" म्हणायचो आणि नट चपला काढून घरात यायचा.

"अहो दिग्दर्शक," काकू म्हणाल्या, "माझे बाबा एकदाच गेले होते. तुम्ही किती वेळा धाडताय?"

सगळे हसले. मी सगळ्यात मोठ्याने.

नंतर त्या दाराशी स्टूल ओढून बसल्या. नट आत आला की पाण्याचा पेला पुढे करू लागल्या. एक टेक मला छान वाटला, तर म्हणाल्या, "मागून आवाज आला हो. परत घ्या." आमच्या साउंडवाल्याला काहीच ऐकू आलं नव्हतं. मी त्याला डोळा मारला, की काकूंना शूटिंगची हौस लागली. परत घेतला. त्यांना परत आवाज आला.

मग उजेड उतरायला लागला. नट दाराबाहेर पडला आणि मी ओरडलो, "ओके! पॅकअप!"

शॉट ओके झाला की नट परत आत येत नाही. त्यात ह्याची शिफ्ट होती. तो धोतरावरच रिक्षात बसून खराडीला गेला. आम्ही केबल गुंडाळायला लागलो.

काकू पेला घेऊन दारात उभ्या होत्या.

"आले नाहीत ते?"

खुन्यांच्या नातवंडांना नको ते प्रश्न विचारणारा मी. म्हणालो, "काम निघालं त्यांना, काकू. येतील."

"हं. आईनेही हेच सांगितलं होतं."

त्यांनी स्टूल उचलून आत नेलं. दार मात्र लावलं नाही.