अनुमोदक

लालबागच्या आमच्या चाळीत सभा म्हटली की ठराव, आणि ठराव म्हटला की अनुमोदक माझे वडील. सूचना कुणाचीही असो, हे उभे राहून "माझं अनुमोदन आहे" म्हणणार आणि बसणार. पाण्याची वेळ, सत्यनारायण, पुनर्विकासाची चर्चा पुढे ढकलणं, सगळ्याला यांचं अनुमोदन. मला लाज वाटायची. एकदा चिडून विचारलं, तुम्हाला स्वतःचं काही मत आहे की नाही?

"अरे, संस्कृत शब्द आहे," ते म्हणाले. "अनु म्हणजे मागून, मोद म्हणजे आनंद. दुसऱ्याचं ऐकून आपल्याला आनंद झाला, एवढंच सांगायचं. त्याला मत कशाला लागतं?"

ते गेले तेव्हा चाळीने शोकसभा घेतली. मंडळाच्या खोलीत त्यांचा फोटो लावायचा ठराव होता. पुनर्विकासात वर्षभरात ती खोलीही पाडली जाणार होती, पण आईला फोटो तिथेच हवा होता. फ्रेम मांडीवर घेऊन ती पहिल्या रांगेत बसली होती.

सेक्रेटरींनी छापून आणलेला ठराव वाचला. सूचक, अध्यक्ष. अनुमोदक, माझे वडील. कॉम्प्युटरवरच्या जुन्या नमुन्यात त्यांचं नाव तसंच राहिलं होतं. कोणी हसलं नाही. मागच्या एका आजोबांनी तर सवयीने टाळ्या वाजवल्या.

मी भडकलो. गेलेला माणूस स्वतःच्या फोटोला अनुमोदन कसं देईल? ते नियमात बसत नाही, हे अध्यक्षांनी विचार करून मान्य केलं. मग दुसरं कोण? या कामाची कुणाला सवयच नव्हती. सगळे माझ्याकडे बघू लागले, जणू ही गादी मला वारशाने आली होती. मी उभा राहिलो आणि तो मोद आठवला. कसला आनंद? मी तसाच खाली बसलो.

अध्यक्षांनी घड्याळ पाहिलं. "अनुमोदन नसेल तर ठराव बारगळला, असं लिहावं लागेल."

"माजां अनुमोदन," आई म्हणाली.

आजवर एकाही बाईने अनुमोदन दिलं नव्हतं. देऊ नये असा नियमही सापडेना. सेक्रेटरींनी वडिलांचं नाव खोडायला पेन काढलं.

"खोडू नको रे," आई म्हणाली. "त्येंच्या नावाच्या आदी माजां नाव लिव. झालां."

त्यांनी लिहिलं. आईचं पूर्ण नाव तयार झालं. टाळ्या पडल्या. सगळ्यांच्या मागून मीही वाजवल्या, आणि खरं सांगतो, मला आनंद झाला.