बाउल सामन्याचं बोलावणं

१९८६ साली अमेरिकेतल्या स्टेट कॉलेज नावाच्या गावात माझा रूममेट न आवडणारा एकच इसम होता, आणि तो त्याच्याच फ्लॅटमध्ये रोज कुकर लावत असे. बाकी सगळं गाव त्याचं होतं. तो धावत येताना दिसला की कॅम्पस बसचा ड्रायव्हर बस थांबवून धरायचा. मी धावलो तर दार लावून घ्यायचा. शेजारची म्हातारी केक घेऊन यायची आणि दार मी उघडलं तर विचारायची, "तुझा मित्र घरी नाही का?" मी पुण्याच्या एका दैनिकात चार वर्षं क्रीडा पान सांभाळून तिथे शिकायला गेलो होतो. तो माझ्यानंतर वर्षभराने अकोल्याहून मातीचा अभ्यास करायला आला. खेळाबद्दल गावाने कोणाला विचारायला हवं होतं, हे वाचकांनी ठरवावं.

त्या गावात फुटबॉल म्हणजे विद्यापीठाच्या संघाचा अमेरिकन फुटबॉल. दुसरा कुठला असतो हे कोणाला माहीत नव्हतं. माझ्या रूममेटने तो एका हिवाळ्यात आत्मसात केला आणि पुढच्या हिवाळ्यात अमेरिकनांनाच शिकवायला घेतला. "ही कबड्डीच आहे," लाँड्रीरूममध्ये तो इंग्रजीत सांगायचा, "चार चढाया, दहा यार्ड. नाही जमलं तर बॉल त्यांचा." जन्मापासून हा खेळ पाहिलेली मुलं ओले कपडे हातात धरून ऐकत उभी राहायची. अकोल्याहून आणलेल्या क्रिकेटच्या स्कोअरबुकात तो प्रत्येक सामन्याचा चेंडू न् चेंडू टिपायचा. तीन यार्ड मिळाले तर तीन धावा, पास चुकला तर टिंब, चेंडू गमावला तर विकेट. या पद्धतीत गंभीर त्रुटी होत्या. मी त्या दाखवून दिल्या. "मग तू तुझं वेगळं लिही ना यार," तो म्हणाला. मी लिहायचोही; नेमकं, नावनिशीवार. ते वाचायला मात्र कोणी मागितलं नाही.

सामना चालू असताना घरात कोणी जागा बदलायची नाही, हा त्याचा आणखी एक कायदा. एकदा मी कांदा चिरत असताना आमच्या संघाने टचडाऊन केला.

"थांबू नको बे," तो टीव्हीवरची नजर न काढता म्हणाला. "चिरत राहा."

"एवढ्या कांद्यांचं करायचं काय?"

"आधी जिंकू दे."

संघ जिंकला. आम्ही आठवडाभर कांद्याची भाजी खाल्ली, आणि विजयाचं श्रेय गावाने त्याला दिलं.

त्या वर्षी संघ एकही सामना हरला नाही. दक्षिणेकडचा दुसरा एक संघही हरला नव्हता, आणि पहिला क्रमांक त्यांचा होता. जानेवारीत ॲरिझोनातल्या बाउल सामन्यात, म्हणजे मोसमाअखेरच्या मानाच्या लढतीत, दोघांची गाठ पडायची होती. तेव्हा अजिंक्यपदासाठी वेगळी स्पर्धा नसे. मोसम संपला की वार्ताहर आणि प्रशिक्षक मतं देऊन अव्वल संघ ठरवत. पण या वेळी जो जिंकेल तोच अव्वल, याबद्दल कोणाला शंका नव्हती. मतदानाचं हे मी त्याला समजावून सांगितलं तेव्हा तो म्हणाला, "म्हणजे शेवटी पेपरवालेच ठरवणार? मग तू इथे काय करतोस?"

नाताळच्या सुट्टीत कॅम्पस ओस पडला. सामना बघायला माझ्या गाईडने घरी बोलावलं. माझ्या गाईडने, माझ्या रूममेटला. मी तीन वर्षं त्यांच्या हाताखाली होतो आणि त्यांच्या घराचा दिवाणखाना मला पाहायचा होता. त्या दोघांची ओळख बर्फात अडकलेली गाडी ढकलताना झाली होती.

"तुलाही घेऊन ये म्हणालेत," रूममेट बूट घालता घालता म्हणाला. "चल."

"नको, तू जा. मला काम आहे," मी म्हणालो, आणि त्याने पुन्हा म्हणावं म्हणून थांबलो. आमच्याकडे पहिल्या बोलावण्याला कोणी हो म्हणत नाही.

"बरं," तो म्हणाला आणि गेला.

मी एकटाच टीव्हीसमोर बसलो. मनापासून वाटत होतं की आमचा संघ हरावा. या माणसाने स्कोअरबुक मिटून, मान खाली घालून, पायी घरी यावं. शेवटच्या मिनिटाला आम्ही थोडक्यात पुढे होतो आणि दक्षिणेचा संघ गोलरेषेजवळ पोचला होता. एक फेक पुरणार होती. ती फेक निघाली, मी खुर्चीतून उठलो, आणि आमच्या एका खेळाडूने मध्येच चेंडू पकडला. खाली रस्त्यावर हॉर्न वाजू लागले. मी बसलो.

तो आला तेव्हा त्याचा घसा पार बसला होता. हातात फॉइलने झाकलेली प्लेट होती. "तुझ्यासाठी दिलीय," तो म्हणाला. "खुर्ची ठेवली होती रे तुझी. सर दोनदा दाराशी जाऊन बघून आले."

"मग जरा आग्रह करायचास."

"मी आलो त्या आठवड्यात तूच सांगितलंस ना, इथे लोक एकदाच विचारतात, नाही म्हटलं तर सोडून द्यायचं? मला वाटलं, तुला खरंच यायचं नाही."

मी प्लेट उघडली. तो बसलेल्या आवाजात मला सबंध सामना सांगू लागला, मी तो पाहिलाच नसल्यासारखा. मीही तसाच ऐकला. त्याचं सांगणं माझ्या बातमीपेक्षा चांगलं होतं, ही नोंद तेव्हा करायची राहून गेली.

पुढे तो ईडन प्रेरीला नोकरीला गेला. दर जानेवारीत त्याचा फोन येतो. "आपण जिंकलो ना, त्या दिवशी," असं म्हणून तो सुरू करतो, आणि मी हो म्हणतो. त्या दिवशी मी कोणाच्या बाजूने होतो, हे त्याने कधी विचारलं नाही.