मामांचं घटिकापात्र

ठाण्यापासून कल्याणपर्यंत काळ ज्याला वचकून असतो असा एकच माणूस आहे, आणि तो ठाकुर्लीला दुसऱ्या मजल्यावर राहतो. हे माझ्या बायकोचे मामा. अंबरनाथच्या एका कारखान्यात टाइमकीपर म्हणून त्यांनी जन्म काढला, पण स्वतःच्या मनगटाला घड्याळ कधी बांधलं नाही. त्यांच्याकडे पिढीजात घटिकापात्र आहे. वाटीएवढं तांब्याचं भांडं, आणि बुडाला सुईने पाडावं तसं एक भोक. घंगाळातल्या पाण्यावर सोडलं की भोकातून पाणी आत चढतं आणि चोवीस मिनिटांनी, म्हणजे एका घटकेने, भांडं बुडतं. पूर्वी लग्नाचा मुहूर्त असाच मोजत. मामांचं सगळं आयुष्य अजून त्याच मापाने चालतं. टेंभी नाक्याला देवीच्या दर्शनाची रांग लांबली की ते म्हणतात, "तीन घटका गेल्या." शेजारच्या काकूंनी एकदा कुकरच्या शिट्ट्या किती करू म्हणून विचारलं, तर यांनी "पाऊण घटका" सांगितलं. त्या दिवशी काकूंच्या डाळीचं काय झालं ते विचारू नये.

पण घटिकापात्राचा खरा दरारा वेगळाच आहे. मामांचे पणजोबा कोकणात खाडीकाठच्या गावी लग्नांतून हे पात्र सोडायचे. एका मुलीचं लग्न आधी दोनदा मोडलेलं. तिसऱ्या खेपेला नवऱ्याची होडी ओहोटीत गाळात रुतली. पात्र बुडायला आलं. मुलीच्या बापाचा चेहरा बघवेना तेव्हा पणजोबांनी पाण्यात हात घातला, पात्र उचललं, रिकामं केलं आणि पुन्हा सोडलं. म्हणतात की सूर्य माडाच्या शेंड्यावर होता तिथेच राहिला. होडी आली, मुहूर्तावर अक्षता पडल्या, आणि पणजोबा त्या दिवाळीच्या आत गेले. "पात्र उचललं की काळ थांबतो," मामा खालच्या आवाजात सांगतात, "पण थांबलेली घटका उचलणाऱ्याच्या आयुष्यातून वजा होते." मी सायन्सचा पदवीधर. तरी हे ऐकताना माझ्या अंगावर काटा आला, आणि त्यानंतर मी त्या भांड्याकडे लांबूनच बघत आलो.

साहजिकच मामांनी पात्राला कधी कुणाला हात लावू दिला नाही. चिंचेने घासायचं तेही स्वतः, आणि भोकाला कापडसुद्धा लागू द्यायचं नाही. माझ्या लग्नात तर त्यांनी कमालच केली. कार्यालय डोंबिवलीला, आमचं बिऱ्हाड बोरिवलीचं, आणि मी मुंडावळ्या बांधून माजिवड्याच्या ट्रॅफिकमध्ये अडकलेला. इकडे पात्र काठोकाठ भरत आलेलं. सासरे अक्षरशः हात जोडून म्हणाले, "अहो, एकदाच उचला. पोरीच्या लग्नाचा प्रश्न आहे." मामा हाताची घडी घालून उभे राहिले. "नवरामुलगा कसा निघेल काय सांगावं? माझी घटका फुकट जायची." पात्र बुडालं. गुरुजींनी पंचांग उलटंपालटं करून पाऊण तासाने दुसरा मुहूर्त शोधला, आणि तेव्हापासून मामा चारचौघांत माझी ओळख "हे आमचे मुहूर्त चुकलेले जावई" अशी करून देतात. मला राग यायचा. एवढा जीव प्यारा असलेला माणूस मी पाहिला नव्हता, असं मी बायकोला अनेकदा सुनावलं आहे.

मग मामी आजारी पडल्या. डॉक्टरांनी घरी न्यायला सांगितलं, आणि एका सकाळी घरी येऊन, नाडी बघून, मला बाजूला घेऊन म्हणाले, "दुपारपर्यंत." मामांची एकुलती एक मुलगी जर्मनीहून निघाली होती, विमान बाराला उतरणार होतं. मामींचा जीव तिच्यातच अडकलेला. मामांनी सगळं ऐकलं, आत गेले आणि घंगाळ घेऊन आले. पलंगाशेजारी पाटावर ठेवलं, पाणी भरलं, पात्र सोडलं आणि बाजूला मांडी घालून बसले. मला वाटलं, सवयीचा माणूस, मोजतोय. पात्र बुडायला आलं आणि मामांनी पाण्यात हात घातला.

"मामा!" मी ओरडलोच.

"तुम्ही फोन करा, जावईबापू. विमान वेळेवर आहे का बघा."

मामींनी डोळे न उघडता विचारलं, "अहो, काय करताय?"

"काही नाही. पाणी बदलतोय."

मामी किंचित हसल्या. चाळीस वर्षांच्या संसारात त्यांना ती गोष्ट पाठ झालेली होती. दुपार झाली, उलटून गेली. मुलीची गाडी नेमकी माजिवड्याला अडकली. मी गॅलरीत फोन करत होतो, आत येत होतो, आणि दर वेळी मामा पात्र उचलत होते, ओतत होते, सोडत होते. चेहऱ्यावर घाई नव्हती. मी कुठल्याही देवळात इतका नम्र झालेलो नाही. मामींचा श्वास चालू होता, आणि का चालू आहे हे विचारायची माझी हिंमत नव्हती.

साडेचारला मुलगी आली. मामींनी तिच्या तोंडावरून हात फिरवला, तिच्या हातून दोन चमचे पाणी घेतलं. मग मामांकडे मान वळवून म्हणाल्या, "पुरे आता. हाताला सुरकुत्या पडल्या तुमच्या." मामांनी हात मामींच्या पदराला पुसला आणि मांडीवर ठेवला. पात्र हळूहळू भरलं, तळाशी टेकलं. थोड्या वेळाने मामी गेल्या.

तेराव्यानंतर मी न राहवून विचारलं, "मामा, किती घटका उचलल्या?" शिट्ट्यांपासून रांगांपर्यंत सगळं मोजणारा हा माणूस खिडकीबाहेर बघत म्हणाला, "मोजल्या नाहीत."

याला दोन वर्षं झाली. मामा ठणठणीत आहेत, संध्याकाळी फिरायला जातात, अजून मला मुहूर्त चुकलेला म्हणतात. पण ठाकुर्लीहून फोन आला की मी हातातलं टाकून पहिल्या रिंगलाच उचलतो. बायकोला मी अजून बोललेलो नाही, पण त्यांच्या स्वयंपाकघरात घंगाळ कुठे असतं आणि पात्र कुठल्या फडताळात, हे मी नीट बघून ठेवलं आहे.