कोचचे शनिवार

सकाळच्या मीटिंगमध्ये होतो तेव्हा कोचच्या मुलीचा, एलनचा मेसेज आला. "बाबा पहाटे गेले. झोपेतच." मी मीटिंग कॅन्सल केली आणि खिडकीतून रस्त्यापलीकडच्या त्यांच्या घराकडे बघत राहिलो. शहाण्णव वर्षांचे होते, तरी वाटलं... इतक्यात नको होतं. त्याला आता पाच आठवडे झाले.

आम्ही अमेरिकेत, श्रूजबरीत आलो त्या पहिल्याच हिवाळ्यात मी दारातला बर्फ उपसत होतो. समोरून खणखणीत आवाज आला, "अरे, गुडघे वाकव, कंबर नको!" तीच ओळख. नाव वॉल्टर, पण सगळं गाव त्यांना कोच म्हणायचं, मीही. तरुणपणी ते चामड्याचं हेल्मेट घालून अमेरिकन फुटबॉल खेळलेले, आणि पुढे जवळच्या एका लहानशा कॉलेजचा संघ त्यांनी वीस वर्षं घडवला. मला तो खेळ म्हणजे एकमेकांच्या अंगावर कोसळणारी माणसं, एवढंच दिसायचं. त्यांनी शेजारी बसवून तो शिकवला. मी कबड्डी समजावली तेव्हा "म्हणजे पळताना श्वाससुद्धा घ्यायचा नाही?" म्हणत स्वतःच हरखून गेले.

त्यांची ती नोकरी कशी गेली, हे मात्र त्यांनी बऱ्याच वर्षांनी सांगितलं. हंगामाचा शेवटचा सामना. जिम, त्यांचा सर्वांत गुणी खेळाडू, डोक्यावर आपटला, उठला आणि परत मैदानाकडे निघाला. कोचनी त्याला अडवून विचारलं, "आज वार कोणता?" "गुरुवार," जिम म्हणाला. शनिवार होता. कोचनी त्याला बसवून ठेवलं. सामना हातचा गेला, आणि आठवड्याभरात कोचपदही. त्यानंतर निवृत्तीपर्यंत त्यांनी शाळेत भूगोल शिकवला. जिम तर कित्येक वर्षं त्यांच्याशी बोललाच नाही.

"पश्चात्ताप झाला?" मी विचारलं होतं.

"वाईट वाटायचं. दर शनिवारी," ते म्हणाले. "पश्चात्ताप नाही."

अंत्यविधीला जिम आला होता, आता सत्तरी ओलांडलेला. "माझा मुलगा खेळायला लागला तेव्हा कळलं," तो म्हणाला, "त्या दिवशी माझ्या बाजूने एकटे कोचच उभे होते."

गेल्या आठवड्यात एलनने मला त्यांच्या अभ्यासिकेत नेलं. वाटलं होतं, भिंतभर ढाली असतील. टेबलावर फक्त यंदाचं कॅलेंडर होतं. दर शनिवारच्या चौकटीत कापऱ्या अक्षरात एकेक नाव, फोन करायच्या जुन्या खेळाडूचं. फोन झाला की पुढे बरोबरची खूण. नावं डिसेंबरपर्यंत लिहून ठेवलेली. आणि ते गेल्यानंतरच्या पहिल्याच शनिवारी माझं नाव... 'अवी'. मी तर समोरच राहतो! खाली बारीक अक्षरात होतं, 'आईचं हाड जुळलं का, विचारणे.' दोन महिन्यांपूर्वी आई साताऱ्याला पडली होती. मी कधीतरी ओझरतं बोललो असेन.

एलननेही ते वाचलं. मग तिने हळूच विचारलं, "कशी आहे तुझी आई?"

"चालायला लागली," मी म्हणालो.

तिने पेन उचललं, माझ्या नावापुढे खूण केली, आणि पुढच्या शनिवारचं नाव वाचायला लागली.