रुख्मामावशीचं आळशी झाड

आमचा भोजराज पहिल्यापासून हट्टी. आमगावची धानाची शेती सोडून नागपुरात सिनेमाचा कॅमेरा शिकला, तेव्हा बाबा म्हणाले, पोरगं वाया गेलं. मी त्याची मोठी बहीण. मी म्हटलं, वाया जायचं असतं तर घरी बसूनही गेला असता.

१९५६च्या मार्चात गोंदियाच्या एका साबण कारखान्यानं त्याला काम दिलं. साबणातलं तेल मोहाच्या बियांचं. ते जंगलातून कसं येतं, त्याची फिल्म काढायची. कारखान्याच्या शेटजींना आवडली तर त्यांनी दिलेला कॅमेरा त्याच्याकडेच आणि पुढची कामंही त्यालाच. नाही तर स्वारी पुन्हा चिखलात. चोरखमाऱ्याच्या जंगलाजवळ माझं सासर, तो तिथंच उतरला.

सुरुवात फुलापासून करायची होती. पण मोहफूल पडतं पहाटे, आणि तेवढ्या उजेडात फिल्मवर काही येत नाही. कारखान्याचे मॅनेजर केशोराव सोबत होते. ते म्हणाले, "टाइम कायले खराब करून राहिला? दुपारी माणूस चढव, झाड हलव. काम खतम."

आमच्या शहाण्यानं ऐकलं की. शेजारच्या रुख्मामावशीच्या झाडावर माणूस चढवला, हलवलं, फिल्म काढली. मला असा राग आला, त्याचं ताट आदळूनच वाढलं.

मावशी आली. खाली पडलेलं ओंजळीत घेऊन म्हणाली, "काऊन गा, मोहाले कोणी हलवते? त्यानं सोडलं तेवढंच आपलं. ह्या तं कच्च्या कळ्या होत. तुहा शिनिमा पाहून आमच्या बाया हसतील."

भोजराजचा चेहरा उतरला. मग त्यानं कॅमेऱ्यातून रीळ काढली आणि भर उन्हात उलगडून टाकली. ऊन लागलं, काढलेलं सगळं गेलं.

"पागल झाला का? फुलासाठी आता एकच रीळ उरली," केशोराव म्हणाले.

"एक पुरते." हा मावशीकडे वळला. "मावशी, सगळ्यात उशिरा कोणतं झाड फूल टाकते?"

"बांधावरचं. आळशी आहे ते. कासराभर दिवस वर आल्याबिगर सोडत नाही."

दुसऱ्या दिवशी सकाळी ऊन वर आलं तसा तो मावशीला घेऊन बांधावर उभा राहिला. रीळ तीन मिनिटांचीही नव्हती. झाडाकडे न बघता तो मावशीकडे बघत होता. तिनं मान हलवली, त्यानं कॅमेरा सुरू केला, आणि टपटप फुलं पडायला लागली. रीळ संपल्यावर म्हणाला, "जमलं." अजून धुवायचीच होती, पण याला खात्री.

पुढं बियांचा आणि तेलाचा भागही काढून झाला, आणि दिवाळीनंतर गावातच पांढरं धोतर बांधून फिल्म दाखवली. शेटजी खुर्चीवर. रीळ वाया घालवल्याचं केशोरावांनी त्यांच्या कानात आधीच घातलं होतं. पडद्यावर फुलं पडू लागली तशी मावशी उठून उभी राहिली.

"हे तं माह्या बांधावरचं झाड होय."

केशोराव हसले. "मोहाची झाडं सगळी सारखीच दिसतात, बाई."

"दिसतेत," मावशी म्हणाली. "सारखी टाकत नाहीत."

शेटजी खुर्चीत पुढं सरकले. फिल्म संपल्यावर उठले. मग भोजराजला म्हणाले, "कॅमेरा तेरे पास रहेगा." मी तोंडाला पदर लावला आणि पोटभर रडले.