जाऊबाईंची मिरगी

एक झटका ओसरला, आणि शुद्ध यायच्या आत दुसरा आला. माझ्या थोरल्या जाऊबाई देवघरासमोर ताठ झाल्या होत्या, हातपाय आपटत होत्या, तोंडातून रक्ताळलेला फेस येत होता. आणि सासूबाई त्यांच्या नाकाला वहाण लावून विचारत होत्या, "कोन हायेस तू? कुठल्या झाडावरची हायेस?"

मी वहाण हिसकून अंगणात फेकली आणि जाऊबाईंना कुशीवर वळवलं.

त्यांना फेफरं येई ते दोन तऱ्हांनी. कधी असा झटका. कधी नुसती नजर गोठायची. हातातली भाकर हातात राहायची, ओठ चावल्यासारखे हलायचे, बोटं पदर चिमटत बसायची. हाक मारली तर ओ नाही. थोड्या वेळानं भानावर येऊन विचारायच्या, "काय झालं गं?"

नांदेडजवळच्या लोहा गावातल्या आमच्या घरानं याची वाटणी करून टाकली होती. आपटणं म्हणजे बाहेरचं, त्याला वहाण आणि मिरचीची धुरी. टक लावणं म्हणजे माहूरची रेणुका अंगात आली, त्याला हळदकुंकू आणि नारळ. एकाच बाईच्या सकाळी पाया पडायचं आणि दुपारी तिलाच झोडपायचं. बाया प्रश्न घेऊन यायच्या. उजव्या हातानं पदर चिमटला तर हो, डाव्या हातानं तर नाही. एकीनं म्हैस गाभण राहील का विचारलं, तेव्हा जाऊबाईंनी दोन्ही हातांनी चिमटला. त्यावर बायांचं भांडण झालं.

मग एकदा त्या झटक्यात चुलीवर पडल्या, दंड भाजला, म्हणून त्यांच्या नवऱ्यानं, भावजींनी, नांदेडच्या सरकारी दवाखान्यात नेलं. सोबत मी गेले. निजामाच्या अमलातले डॉक्टर, उर्दूच बोलायचे. त्यांनी नीट खोदून विचारलं: टक लावते का, ओठ चावते का, नंतर आठवतं का? भावजी माझ्याकडे वळले. मीच सांगितलं.

"दोनो मिरगीच है," डॉक्टर म्हणाले. "कभी पूरा बदन पकडती, कभी दिमाग का एक कोना." गोळ्या दिल्या आणि भावजींना बजावलं, "एकदम बंद नको करना. जान जाएगी."

घरी येऊन हे मी सासूबाईंना शब्दाशब्दानं सांगितलं. त्या म्हणाल्या, "चार बुकं शिकली तर लई शहाणी झालीस."

गोळ्यांनी झटके थांबले. टक लावणंही थांबलं. इथंच बिघडलं. नवरात्रात बाया ताटं घेऊन आल्या आणि जाऊबाई आपल्या नेहमीसारख्या, "बसा की, चहा ठेवते," म्हणाल्या. शेजारीण निघताना बोलली, "तुमची देवी इंग्रजी गोळीला भ्याली वाटतं." ते सासूबाईंना झोंबलं. गोळ्यांची पुडी उकिरड्यावर गेली. जाऊबाईंनी विचारलं तर, "देवीच्या दिवसांत औषध चालत न्हाई." त्यांनी ऐकलं. सासूपुढे बोलायची त्यांना सवयच नव्हती. मला हे कळलं ते झटके सुरू झाल्यावर.

आणि आता ही गत. मी भावजींना म्हटलं, "गाडी जुंपा."

सासूबाई दारात आडव्या झाल्या. "घट बसलेत. घरच्या मानसानं शीव वलांडायची न्हाई. देवी कोपंल."

भावजी आईकडे बघत होते, मग बायकोकडे, मग परत आईकडे. तिसरा झटका सुरू झाला तरी तेच. मला त्या माणसाचा इतका संताप आला की पदर, रीत सगळं विसरून मी ओरडले, "भावजी, बायको मरून राहिली तुमची! घट काय, उद्या परत बसवता येतील!"

भावजी उठले. आईला बाजूला करायचं धैर्य त्यांना झालं नाही. ते परसातून बैल घेऊन गेले आणि घरामागे गाडी जुंपली. आम्ही जाऊबाईंना मागच्या दारानं काढलं.

वाटभर मी त्यांना कुशीवर धरून होते. दवाखान्यात डॉक्टरांनी सुई दिली, मग भावजींवर जे तोंड सोडलं ते मला आजही गोड वाटतं.

सासूबाईंनी माहूरला जाऊन ओटी भरली, देवीनं सून वाचवली म्हणून. मी भांडले. काही उपयोग झाला नाही.

जाऊबाई जगल्या. बोलताना शब्द अडायचा, पण गोळी कधी चुकली नाही. सासूबाई गेल्या, भावजी गेले, त्यानंतरही त्या पुष्कळ वर्षं जगल्या.