फ्रेंच बोलणारं गाव आणि आमचे काका

अमेरिकेतल्या मेन राज्याच्या उत्तर टोकाला जाणं वर्थ आहे का, असं परवा एका वाचकाने विचारलं. आहे. मी पहिल्यांदा गेलो १९८६च्या जुलैत. निसर्ग बघायला नव्हे, घरात शांतता नांदावी म्हणून.

माझे धाकटे काका तेव्हा पुण्याहून पिस्कॅटवेला आमच्याकडे राहायला आले होते. कॉलेजात तीस वर्षं फ्रेंच शिकवून रिटायर झालेले, आणि फ्रेंच ज्याची मातृभाषा आहे असा एकही माणूस जन्मात न भेटलेले. समोरच्याची भाषा दुरुस्त केल्याशिवाय त्यांना अन्न पचत नसे. मी पीएचडी करत होतो, घर दोन खोल्यांचं. तीन आठवड्यांत त्यांनी माझ्या बायकोचं, वैशालीचं मराठी, माझ्या प्रोफेसरांचं इंग्रजी आणि सुपरमार्केटमधल्या चीजच्या डब्यांवरचं फ्रेंच तपासून संपवलं.

"नितीन, यांना पॅरिसला सोडून ये," वैशाली म्हणाली.

"बजेट नाही."

"मग जिथे कुठे फ्रेंच बोलतात तिथे सोड. प्लीज यार!"

माझ्या लॅबमधला एक जण मेनचा होता. तो म्हणाला, कॅनडाच्या हद्दीवर नदीकाठी अशी गावं आहेत, जिथे पिढ्यान् पिढ्यांचे अमेरिकन लोक घरात फ्रेंचच बोलतात. काकांनी हे ऐकलं आणि उठून टायला इस्त्री करायला घेतली.

रस्ता सोपा आहे. आय-९५ पकडायचा आणि तो संपेपर्यंत सोडायचा नाही. तो हूल्टनला खरोखरच संपतो. पुढे रूट वनने उत्तरेला. तेव्हा पंचावन्नची स्पीड लिमिट होती, त्यामुळे बँगोरला मुक्काम केला. मोटेल पंचवीस डॉलर, गाद्यांची अवस्थाही तेवढ्याचीच. दुसऱ्या दिवशी दोन्ही बाजूंना फक्त बटाट्याची शेतं, पांढऱ्या-जांभळ्या फुलांनी भरलेली. "आपण बटाट्याचं फूल कधी बघतच नाही रे," काका म्हणाले. सबंध प्रवासात त्यांनी दुरुस्त न केलेली ही एकमेव गोष्ट.

गावाचं नाव मी लिहिणार नाही, कारण तिथे बघण्यासारखं काही नाही आणि तुम्ही तरीही जाल. एक चर्च, एक पोस्ट, एक दुकान, आणि वेशीवर लोकसंख्येची पाटी. आकडा तीन अंकी. रस्त्यावर मात्र एक कुत्रा.

"पाटीवरची माणसं कुठे आहेत?" मी दुकानदाराला विचारलं.

"अर्धी चर्चच्या मागे पुरलीत," तो इंग्रजीत म्हणाला, "आणि उरलेल्यांतली अर्धी कनेक्टिकटला नोकरी करतात. पाटी बदलायचा ठराव आहे. पण त्यावर मत द्यायला पुरेशी माणसं जमत नाहीत."

राहायला हॉटेल नव्हतं. लुसील नावाच्या सत्तरीच्या विधवा बाई एक खोली भाड्याने देतात, असं त्यानेच सांगितलं. काकांनी टाय घट्ट केला. तीस वर्षं ज्या क्षणाची तयारी केली तो आला होता. बाईंनी दार उघडताच त्यांनी व्याकरणशुद्ध, तीन ओळींचं एकच वाक्य म्हटलं. बाईंनी माझ्याकडे बघितलं आणि इंग्रजीत विचारलं, "यांना बरं वाटत नाहीये का?"

मग त्या फ्रेंचमध्ये काहीतरी बोलल्या. काकांचा चेहरा पडला. "बाई विचारतायत, तुमचा रणगाडा कुठे उभा केलाय?"

त्या गाडीबद्दल विचारत होत्या. गाडीला तिथे जो शब्द आहे तो काकांच्या पुस्तकात रथाला आणि रणगाड्याला होता. काकांनी लगेच योग्य शब्द सांगितला. बाई 'इथे'साठी 'इसित' म्हणाल्या, काका म्हणाले, "मादाम, इसी." त्या 'मी'साठी 'म्वे' म्हणाल्या, काका म्हणाले, "म्वा." प्रेमाने, हसतमुखाने, पुढच्या बाकावरच्या हुशार मुलीला सांगावं तसं.

बाईंनी हातातला ओला फडका खाली ठेवला.

"शाळेत एक तपासनीस यायचा," त्या इंग्रजीत म्हणाल्या. "फ्रेंच बोललं की इंग्रजीतून ओळी लिहायला लावायचा, 'मी शाळेत फ्रेंच बोलणार नाही.' पुढे पॅरिसहून कोणी पाहुणी आली, ती म्हणाली तुमचं फ्रेंच हे फ्रेंचच नाही. आता तुम्ही इंडियाहून आलात. जेवण सहाला."

त्यानंतर त्या आमच्याशी फक्त इंग्रजीत बोलल्या. दोन दिवस गाडीत बसून काका फ्रेंच ऐकायला आले आणि आल्याबरोबर ते बंद करून बसले. सहाला प्लॉय वाढले. प्लॉय म्हणजे कुट्टूच्या पिठाचं जाळीदार धिरडं, एकाच बाजूने भाजलेलं. सोबत काकवी. शाकाहारी लोकांनी हे जरूर मागावं, बाकी सगळ्यात डुक्कर असतं. काकांना एकही संपलं नाही.

सकाळी ते टाय न बांधता स्वयंपाकघरात आले. "मादाम," ते फ्रेंचमध्ये म्हणाले, "काल मी तुमच्या घरात उद्धटपणा केला. मला क्षमा करा." हे वाक्य छोटं होतं.

"खा," बाई इंग्रजीत म्हणाल्या. पण वाढल्यावर तिथेच घुटमळत राहिल्या. "तुम्हाला फ्रेंच लिहिता येतं?"

त्यांना येत नव्हतं. घरात बोलायला फ्रेंच, शाळेत लिहायला इंग्रजी. त्यांची थोरली बहीण लहानपणापासून कॅनडात क्वेबेकच्या कॉन्व्हेंटात, तिथेच नन झालेली; तिला इंग्रजीचा गंध नव्हता. जुने पाद्री होते तोवर पत्रं ते लिहून देत. ते वारले, नवे आयरिश आले. मग फोन उरला, आणि गेल्या हिवाळ्यात बहिणीला ऐकू यायचं बंद झालं. तेव्हापासून दोघींचं एक अक्षर बोलणं नव्हतं.

काकांनी खिशातून पेन काढलं. बाई सांगू लागल्या: भावाची गाय, गुडघा, चर्चचं गळकं छप्पर. आणि मग, "इसित सगळं ठीक आहे."

पेन थांबलं. मी काकवीच्या भांड्याकडे बघत बसलो.

"मादाम, याचं स्पेलिंग कसं करू?" काकांनी विचारलं.

"मला काय माहीत? मी फक्त बोलते."

काकांनी ते जसं ऐकलं तसं लिहिलं. पुढचे दोन तास असंच चाललं. शेवटी त्यांनी पत्र मोठ्याने वाचून दाखवलं, बाईंच्या शब्दांत, जमेल तेवढ्या बाईंच्या सुरात. बाई खिडकीकडे तोंड करून ऐकत होत्या. "हो," त्या म्हणाल्या, फ्रेंचमध्ये. "ही मीच."

आम्ही एक दिवसाचे तीन दिवस राहिलो. काका त्यांच्यामागून बागेत हिंडायचे, वस्तू दाखवून नाव विचारायचे आणि वहीत उतरवायचे.

नाताळात बाईंचं इंग्रजी कार्ड आलं. बहिणीचं चार पानी उत्तर आलं होतं. तिने लिहिलं होतं, पत्र डोळ्यांनी वाचलं, पण इतक्या दिवसांनी तुझा आवाज ऐकला. मी ते कार्ड पुण्याला धाडलं. उलट टपाली काकांची मागणी: बाईंना टेप करून पाठव. पुढच्या उन्हाळ्यात मी आणि वैशाली जाऊन तीन कॅसेटी भरून आणल्या.

काका घरी शिकवण्या घेत, आता त्या कॅसेटी लावून. त्या वर्षी त्यांच्या दोन विद्यार्थ्यांना तोंडी परीक्षेत कमी मार्क पडले. परीक्षकांनी काकांना बोलावून विचारलं, "सर, हे कुठलं चुकीचं फ्रेंच शिकवताय?"

काकांनी त्यांना तिथेच उभं करून अर्धा तास झाप झाप झापलं.